ग्रहणातलं नख

वरळीच्या कोळीवाड्यात कुणाच्या कुत्र्याचं नख वाढून पायात रुतलं की ते कुत्रं शेवंतीच्या दारात आणून उभं करायचे. शेवंती मोठी धीराची होती म्हणून नव्हे. उलट तिच्याइतकी भित्री बाई साऱ्या वाड्यात नव्हती. वारा पडला तरी तिला भीती, वारा सुटला तरी भीती. नवरा होडीवर गेला की होडी परत वाळूला लागेपर्यंत हिच्या घशाखाली घास उतरत नसे. पण कुत्र्याचं नख काढायला भित्राच माणूस लागतो. धीराचा माणूस एका झटक्यात खोल कापतो, रक्ताची धार लागते आणि ते कुत्रं पुन्हा जन्मात पायाला हात लावू देत नाही. शेवंती कुत्र्याला उजेडात घ्यायची, पाय वरच्या सांध्यापाशी सैल धरायची, नखातली गुलाबी शीर कुठे संपते ते बघायची आणि तिच्यापासून चांगलं लांब, शेंड्याचा नुसता कपचा काढायची. मग थांबायची, पुन्हा बघायची. काळ्या नखात शीर दिसतच नाही, तिथे तर ती रडकुंडीला यायची आणि कुत्र्याचा मालक कंटाळून ओटीवर जाऊन बसायचा. हळदीची वाटी मांडीशी तयार असायची, पण ती फारशी लागत नसे. अमावास्येला मात्र कुणी कितीही विनवलं तरी ती नखाला हात लावायची नाही. लोक हसायचे. हसणाऱ्यांना त्या शनिवारची हकीकत ठाऊक नव्हती.

मुंबईत गाठीच्या तापाचं, म्हणजे प्लेगचं, दुसरं वर्ष चालू होतं. शेवंतीचं माहेर माजगावच्या कोळीवाड्यात, तिथली अर्धी घरं कुलपं लावून माणसं गावोगाव पांगलेली. त्यामुळे बाळंतपणाला माहेरी जायचं नाही, हे ठरून गेलं होतं. या आधी दोनदा तिला दिवस गेले होते आणि दोन्ही वेळा पोटातलं टिकलं नव्हतं. आता पाचवा महिना सरत आला होता. ती पाण्याची कळशी उचलायची नाही, उंबरठ्यावर टेकायची नाही, शिंक आली तरी पोट दोन्ही हातांनी धरायची. नवरा धर्मा तिला हसायचा, पण तोही रात्री होडीवरून आला की दाराशी थांबून आधी तिच्या तोंडाकडे बघायचा आणि मगच आत यायचा.

सासू काशीबाई हसत नव्हती. काशीबाई वाड्यातली मानाची बाई. नवरा दर्यात गेल्यावर तिने टोपली डोक्यावर घेऊन परळ-लालबागेच्या गिरणचाळींत मासळी विकली आणि एकट्या धर्माला वाढवलं. तिचा शब्द कुणी मोडत नसे. कुठल्या वारी काय करायचं नाही, कुठल्या तिथीला काय खायचं नाही, हे सगळं तिला तोंडपाठ होतं. लग्न ठरलेल्या घरचे लोक भटाकडे जाण्याआधी काशीबाईकडे येऊन जायचे. शेवंतीला तिचा आधार वाटे आणि तिची भीतीही वाटे. यातलं कुठलं जास्त, ते तिचं तिलाच सांगता आलं नसतं.

घरात चौथा जीव म्हणजे मांदेली. ही पिवळी कुत्री. एका पावसाळ्यात ती ओल्या पिल्लाच्या रूपाने होडीखाली सापडली होती आणि रंगावरून धर्माने तिला मासळीचं नाव दिलं होतं. आता ती म्हातारी झाली होती. पूर्वी ती दिवसभर खडकांवर हुंदडायची, तेव्हा तिची नखं आपोआप झिजायची. हल्ली ती ओटीवर पडून असायची, म्हणून नखं वाढली. त्यातही पायाच्या आतल्या अंगाला वर असतं ते अंगठ्याचं नख कधी जमिनीला टेकतच नाही, तर झिजणार कसं? तिच्या उजव्या पायाचं ते नख गोल वळून टोकाने कातडीत शिरू लागलं होतं. मार्गशीर्षात शेवंतीने धर्माचा चाकू घेऊन ते काढायला बघितलं. पाय घट्ट आवळून धरला आणि जरा जास्तच कापलं. रक्त थांबता थांबेना. हळद दाबून धरली तेव्हा कुठे थांबलं. कापलेलं नख पुन्हा वाढलं, पहिल्याहून वाकडं वाढलं आणि त्याला मधोमध चीर गेली. पण मांदेली आता पायाला बोट लावू देत नव्हती. शेवंतीने हात पुढे केला की ती पाय पोटाखाली घेऊन बसायची.

अशात पौषाची अमावास्या आली. शनिवार, वर सूर्याला ग्रहण, तेही भर दुपारी. काशीबाईने दोन दिवस आधीपासून सुनेच्या मागे लकडा लावला होता.

"कापायचं नाय, चिरायचं नाय, शिवायचं नाय. तोंडात पानी पन घालायचं नाय. भायेर बघायचं नाय. आरवी पर, पाय सरल ठेव. ऐकलंस गो?"

"व्हय, आये."

"त्या म्हादेवाचा वठ बघितलास ना?"

शेवंतीने बघितला होता. शेजारच्या आळीतल्या महादेवाचा वरचा ओठ जन्मापासून दुभंगलेला होता. त्याच्या आईने ग्रहणात एक बोंबील चिरला होता म्हणे, एकच. शेवंती त्या दिवसांत महादेव समोरून आला तर रस्ता बदलायची आणि मग त्या भल्या पोराचं वाईट वाटून घरी येऊन डोळे पुसायची.

शनिवारी सकाळी काशीबाईने घरातली धार असलेली प्रत्येक वस्तू गोळा केली. मासळी कापायची कोयती, धर्माचा चाकू, सुया, कात्री. सगळं एका फडक्यात बांधलं, दोरीने गाठ मारली आणि पुडकं मागच्या खोलीत वर फळीवर ठेवलं. खिडकीला गोणपाट ठोकलं. त्या खोलीत एका कोपऱ्यात धर्माचं नवं जाळं रचून ठेवलं होतं, सालीच्या काढ्यात रंगवून वाळवलेलं, अजून पाणी न लागलेलं. दुसऱ्या कोपऱ्यात शेवंतीची गोधडी. मग सारा वाडा ग्रहणाच्या अंघोळीला समुद्रावर गेला. काशीबाई आणि धर्माही गेले. दाराला बाहेरून कडी नव्हती, पण ग्रहणात पोटुशी बाई दाराबाहेर पाऊल टाकणार नाही, ही कडीपेक्षा पक्की गोष्ट होती.

शेवंती पाय सरळ ठेवून पडून राहिली. गोणपाटाच्या भोकांतून जमिनीवर उजेडाचे ठिपके पडले होते. बघता बघता त्या प्रत्येक ठिपक्याची कोर झाली. तिने भिंतीकडे तोंड फिरवलं, कारण हे बघणं म्हणजे ग्रहण बघण्यात येतं की काय, ही नवी धास्ती. उजेड मळत चालला. कावळे ओरडून एकदम गप्प झाले. तेवढ्यात मांदेली दार ढकलून आत आली, अंग चोरून थेट जाळ्याच्या ढिगावर चढली आणि तिथेच गोल गोल फिरून बसायला जागा करू लागली.

मग ती किंचाळली.

शेवंती उठून बसली. मांदेलीचं वाकडं नख जाळ्याच्या फासात अडकलं होतं. तिने पाय ओढला तसा फास आवळला. ती फिरली तसा दोरा पायाभोवती गुंडाळला. शेवंती गुडघ्यांवर सरकत गेली आणि बोटांनी फास सोडवायला बघू लागली. फास सैल होईना. चिरेत दोरा रुतून बसला होता. कुत्री हिसके देत होती आणि दर हिसक्याला नख मुळापासून उपटायला बघत होतं. कातडीतून रक्त येऊ लागलं. शेवंतीने हाका मारल्या. पण वाडा रिकामा होता. किनाऱ्यावरून माणसांचा आणि दान मागणाऱ्यांचा गलका येत होता, त्यात हिचा आवाज कुणाला जाणार?

तिने फळीवरचं पुडकं खाली काढलं. दोरीची गाठ सोडली आणि कोयती हातात घेतली. जाळं कापावं तर तेही कापणंच, शिवाय धर्माच्या नव्या जाळ्यावर कोयती चालवायची. नख कापावं तर मग बोलायलाच नको. कोयतीचं पातं नखापाशी नेलं आणि तिला महादेवाचा ओठ दिसला. मग बोटं नसलेले इवलेसे हात दिसले. तिच्या पोटात आतून काहीतरी हललं. आजवर पोटातलं असं ढळढळीत हललेलं तिला कळलं नव्हतं, आणि ते कळायला हीच वेळ मिळाली. तिने कोयती खाली टाकली.

मांदेली आता किंचाळतही नव्हती. धापा टाकत होती आणि मध्येच पायाकडे तोंड नेऊन स्वतःचाच पाय चावायला बघत होती. ते बघून शेवंतीच्या मनात आलं ते तिने केलं. तिने फडकं कुत्रीच्या डोळ्यांवर टाकलं, तिचं डोकं काखेत धरलं, खाली वाकली आणि ते नख तोंडात घेतलं. चीर जिथे गेली होती तिथे दात लावले. नख कडक होतं, पण चिरलेलं होतं. तिने दाढेखाली धरून एकदा, दोनदा चावलं. तिसऱ्यांदा कट्‌ झालं. फास घरंगळून सुटला. टोक तिच्या जिभेवर होतं. तिने ते थुंकलं, ते जाळ्यात कुठेतरी पडलं. कुत्री कोपऱ्यात जाऊन पाय चाटू लागली. शेवंती जमिनीवर बसून राहिली, तोंडात रक्ताची आणि धुळीची चव, आणि बाहेर अजून ग्रहण सुटलेलं नव्हतं.

तिने घाईघाईने कोयती फडक्याने पुसली, सगळं पुन्हा बांधलं, गाठ मारली, पुडकं फळीवर सारलं. "दे दान, सुटे गिरान" असा ओरडा जवळ येऊ लागला तेव्हा ती गोधडीवर पाय सरळ ठेवून पडलेली होती.

धर्माने जाळ्यावरचं रक्त पाहिलं.

"कुतरीचा पाय आरकला व्हता," शेवंती म्हणाली. "नख मोरलं."

"जालं फाटलं नाय ना?"

"नाय."

त्याचं समाधान झालं. काशीबाईने ग्रहणाचं पाणी ओतून टाकलं, चूल सारवली आणि मासळी चिरायला पुडकं खाली घेतलं. ते हातात धरून ती जरा वेळ तशीच उभी राहिली. मग तिने गाठ सोडली, कोयती घेतली, खसखसून धुतली आणि बांगडे साफ करायला बसली. एक शब्द बोलली नाही. म्हणजे तिला काही कळलं नाही, असं शेवंतीने मनाशी ठरवून टाकलं.

त्या दिवसापासून शेवंतीला एकाच प्रश्नाने पछाडलं. दातांनी तोडलं, ते कापलं का?

चूल फुंकताना हाच प्रश्न, भांडी घासताना हाच. कधी तिला वाटे, नाही, कापणं म्हणजे धार हवी. लगेच वाटे, दातांना धार नाही तर काय आहे? मग वाटे, आपण कोयती हातात घेतली, पात्यापर्यंत नेली, तेवढंच पुरे झालं असेल तर? पोटातलं मूल हलायचं आणि ती हाताने चाचपत बसायची, जणू वरून बोटं मोजता येणार होती. हा प्रश्न साऱ्या मुंबईत ज्या एका बाईला विचारता आला असता ती तिच्याच घरात राहत होती. पण काशीबाईला विचारायचं म्हणजे सगळं सांगायचं. आणि सांगितल्यावर काशीबाईचं तोंड कसं होईल, हे बघायची शेवंतीची छाती नव्हती.

म्हणून तिने बाहेर चाचपणी सुरू केली. काशीबाई तिला जड टोपली उचलू देत नसे, पण वाटे घालायला, पैसे घ्यायला सोबत न्यायची. लालबागेच्या एका चाळीत मालवणकडची रमाबाई गिऱ्हाईक होती, दोन मुलांची आई, बोलायला मोकळी. काशीबाई दुसऱ्या दारी गेलेली बघून शेवंतीने विचारलं,

"बाय, गिरानात कुनी पोटुशीनं शेंग दातान तोरली, तं ती कापल्यात येते?"

रमाबाईने कोळंबीवरून मान वर केली. "कापूक नाय म्हणाचा त्येका," ती विचार करून म्हणाली. शेवंतीच्या जिवात जीव आला. "पण तोंडात घातलां म्हंजे खाल्लां झालां. गिराणात खाल्लां तर चालात काय? त्याचाच पाप मोठा."

शेवंती एक काळजी घेऊन गेली होती, ती दोन घेऊन परत आली.

मग तिने वाड्यातल्या सुइणीला, गुणवंतीला गाठलं. गुणवंती कुठल्याही प्रश्नाचं उत्तर लगेच द्यायची, कारण थांबून विचार करणं तिला कमीपणाचं वाटे. "दात म्हंजे काय गो?" ती म्हणाली. "हाराची सुरीच ती. द्येवानं तोंरात ठेवलेली." आणि मग डोळे बारीक करून, "कुनी तोरलंय?"

"कुनी नाय. आपलं इचारलं."

दात म्हणजे हाडाची सुरी, या उत्तरानंतर शेवंतीने आठ दिवस नीट अन्न खाल्लं नाही.

इकडे काशीबाईही बदलली होती. तिची झोप उडाली होती. ती सुनेच्या पोटाकडे टक लावून बघायची आणि शेवंतीने बघितलं की मान फिरवायची. बारीकसारीक गोष्टींवर डाफरायची. शेवंतीने सुपारी फोडायला अडकित्ता घेतला तर तिने तो हातातून हिसकावून घेतला. एक दिवस तिने पापलेट सोडल्याचं जाहीर केलं. जिने आयुष्यभर चांगलं पापलेट गिऱ्हाईकाला विकण्याआधी एक तुकडा बाजूला ठेवला, तिने पापलेट सोडलं. दर मंगळवारी ती गोलफादेवीची टेकडी चढायची, गुडघे दुखत असताना. धर्मा म्हणाला, आई तापाच्या साथीला भ्यायली. शेवंतीलाही तसंच वाटलं. शेजारच्या घरात उंदीर मरून पडले होते, तपासणीचे गोरे सोल्जर दोनदा वाड्यात येऊन गेले होते. भ्यायला कारण पुष्कळ होतं.

फक्त एक गोष्ट जुळत नव्हती. काशीबाई मांदेलीला घरात येऊ देईना. जाळं खराब केलं म्हणून राग असेल, असं शेवंतीला वाटलं. पण इतके महिने? म्हातारी कुत्री ओटीखाली पडून राहायची. पाय बरा झाला होता, मात्र डाव्या पायाचं तसलंच नख आता वाकायला लागलं होतं. शेवंती लांबून बघायची. जवळ जायचं धाडस तिला होत नव्हतं.

वैशाख सरता सरता, होड्या वर ओढायचे दिवस जवळ आले असताना, एका सकाळी शेवंतीला कळा सुरू झाल्या. दिवसभर चालल्या. ती ओरडली नाही. तिची भीती वेदनेपेक्षा मोठी होती, आणि मूल बाहेर येऊच नये, आत आहे तोवर तरी ते पुरतं आहे, असं काहीतरी वेडं तिच्या डोक्यात होतं. गुणवंतीने तिला चांगलं झापलं. दुपार कलताना मूल रडलं.

"मुलगी," गुणवंती म्हणाली.

शेवंतीने डोळे मिटून घेतले. गुणवंतीच्या हातून मूल काशीबाईने जवळजवळ ओढूनच घेतलं आणि ती दाराच्या उजेडात गेली, पाठमोरी. कितीतरी वेळ ती वळली नाही. शेवंतीला तिची पाठ दिसत होती आणि त्या पाठीकडे बघताना तिने आयुष्यातले सगळे देव आठवले. मग काशीबाई आली, पोर तिच्या कुशीत ठेवलं आणि चुलीकडे निघून गेली. शेवंतीने कापड उलगडलं. हात, पाय, ओठ. पुन्हा हात. मुठी वळलेल्या होत्या, त्या एकेक बोट करून उघडल्या. सगळं होतं. जिथे हवं तिथे, जितकं हवं तितकं होतं. ती रडली, ते गुणवंतीला वाटलं मुलगी झाली म्हणून, आणि त्यावरून तिने आणखी एकदा झापलं.

पण धास्ती घेणाऱ्याचं मन असं सहज मोकळं होत नाही. बारसं झालं, मुलीचं नाव मृणालिनी ठेवा असं परळच्या एका शिकलेल्या गिऱ्हाइकाने सुचवलं होतं, ते काशीबाईने उडवून लावून गंगू ठेवलं, आणि तरी शेवंतीचं आपलं चालूच. बाहेरून पुरती आहे, आतून काही कमी असेल तर? बोलेल का? ऐकू येतं का? दोष लगेच दिसतो असं थोडंच आहे?

बारशानंतरच्या एका दुपारी गंगू झोळीत रडली. शेवंतीने उचललं तर गालावर लाल ओरखडा. पोरीची नखं कागदासारखी पातळ, पण वाढली होती. आपणच आपल्याला ओरबाडलं होतं तिने. काशीबाई उठून आली. "आन हिकरं. नखं कारूया."

"नको, आये." शेवंतीने पोर छातीशी धरलं. "कोयती नको. कात्री पन नको. काय कापू नको हिचं."

"कात्री कसाला? येरी काय तू?" काशीबाईने पोर मांडीवर घेतलं, इवलंसं बोट तोंडाशी नेलं आणि पुढच्या दातांनी नखाचा शेंडा हलकेच तोडला. बाजूला थुंकला. दुसरं बोट घेतलं. "पोराची नखं कंदी कापत नाय. दातान तोरायची. दातान तोरलेलं कापल्यात येत नाय."

शेवंती होती तिथे खाली बसली.

"गिरानात पन?" तिने विचारलं.

काशीबाईच्या तोंडाशी गंगूचं बोट तसंच राहिलं. तिने मान वर केली.

"गिरानात तुनी काय केलंस, माना ठाव हाय," काशीबाई हळू आवाजात म्हणाली. "पुरक्याची गाठ माझी नव्हती. मी मारते ती माझ्या बापाची गाठ, ह्या वार्‍यात दुसऱ्या कुनाला येत नाय. न् कोयतीच्या मुठीशी रगत व्हतं. कुतरीचं नख कापलंस तू."

"कापलं नाय."

"मंग रगत?"

"ते तिच्या पायाचं. माझ्या हाताला व्हतं, मी कोयती उचलली न् टाकली. हात धजला नाय." शेवंतीने आपल्या दातांना बोट लावलं. "मी दातान तोरलं, आये."

काशीबाईने डोळे मिटले. मग तिने कपाळावर हात मारून घेतला, एकदा, सावकाश.

"दातान," ती म्हणाली. "पाच म्हैने मी झोपले नाय. पापलेट सोरलं. टेकरी चरले. न् तू दातान तोरलंस."

"माना कुठं ठाव व्हतं ते चालतं म्हून?"

"मंग इचारलंस का नाय?"

"तू का नाय इचारलंस?"

काशीबाई पोरीची बोटं कुरवाळत राहिली. वाड्याला ज्या बाईने नेहमी उत्तरं दिली तिला हे उत्तर द्यायला जड गेलं.

"इचारलं असतं," ती शेवटी म्हणाली, "न् तू व्हय म्हनलीस तं? मंग मी काय केलं असतं?"

शेवंती पुढे सरकली आणि सासूच्या गुडघ्यावर डोकं टेकून मनसोक्त रडली. काशीबाईने तिला रडू दिलं. तिच्या केसांतून हात फिरवायची तिची रीत नव्हती. तिने नुसता हात डोक्यावर ठेवला आणि तो तिथेच राहू दिला.

रडं ओसरल्यावर काशीबाई उठली, दाराशी गेली आणि ओटीखाली वाकून म्हणाली, "ये गो, मांदेली. आत ये."

मांदेलीचा आधी विश्वासच बसेना. मग ती शेपटी पायांत घालून आली. काशीबाईने तिचा डावा पाय उजेडात धरून बघितला. नख वळून कातडीला टेकलं होतं. "हे पन रुतनार," ती म्हणाली. "तू कार. मी धरते."

शेवंतीने पोर झोळीत ठेवलं आणि कुत्रीसमोर येऊन बसली. तिने पाय हातात घेतला, आवळला नाही, नुसता तोलून धरला. मग ग्रहणात केलं होतं तसं खाली वाकून तोंड उघडलं.

"आता गिरान नाय गो," काशीबाई म्हणाली. त्या वर्षात ती पहिल्यांदा हसत होती. "कोयती घे."

शेवंतीने कोयती घेतली. नख उजेडापुढे धरलं तशी आतली गुलाबी शीर दिसली आणि कुठे संपते तेही दिसलं. तिथपासून लांब तिने टोकाचा बारीक कपचा काढला. थांबली. कुत्रीच्या कानाशी काहीतरी पुटपुटली. पुन्हा एक कपचा. रक्त आलं नाही. आणखी एक. नख कातडीपासून सुटं झालं, बोथट झालं, आणि मांदेलीने पाय ओढला नाही. शेवंतीने कोयती बाजूला ठेवली आणि नखावरून बोट फिरवून बघितलं.

"झालं, आये. सोर पाय," ती म्हणाली.

काशीबाईने पाय सोडला नाही. शेवंतीने वर बघितलं. म्हातारी भिंतीला टेकली होती, तोंड जरासं उघडं, कुत्रीचा पाय हातात तसाच, आणि ती गाढ झोपली होती.